गायरानावर वीस हजार झाडे लावावीत का?

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे. सोलापूर जिल्ह्यातील आपल्या गावाला सुमारे सव्वाशे एकर गायरान आहे. एका कंपनीने आपल्या सामाजिक निधीतून तेथे वीस हजार झाडे लावून देण्याची तयारी दाखवली आहे आणि ग्रामपंचायतही अनुकूल आहे. एका पक्षीनिरीक्षकाने मात्र तेथे झाडे लावणे म्हणजे माळाचा नाश करणे होय, असे सांगून विरोध केला आहे. झाडे लावल्याने निसर्गाचे नुकसान कसे होऊ शकते, आणि माळढोक पक्षी जिथे आता दिसतच नाही तिथे माळ राखायचा तो कोणासाठी, असे आपण विचारले आहे. गेली सत्तावीस वर्षे मी दख्खनच्या माळांवर काम करत आहे. माझे उत्तर आधीच सांगतो. त्या पक्षीनिरीक्षकाचे म्हणणे बरोबर आहे, गायरानावर ही लागवड होऊ देऊ नये. पण नुसता नकार दिल्याने गायरान वाचणार नाही, म्हणून त्याऐवजी काय करता येईल तेही लिहितो.

बहुतेक माणसांच्या मनात एक क्रम पक्का बसलेला असतो. पूर्वी सगळीकडे घनदाट जंगल होते, माणसाने ते तोडले, जनावरांनी उरलेसुरले खाल्ले आणि त्यातून हे उजाड माळ तयार झाले, असा तो क्रम होय. सह्याद्रीच्या घाटमाथ्यावरील काही उतारांच्या बाबतीत तो खरा आहे. सोलापूर, अहिल्यानगर, सांगलीचा पूर्व भाग, बारामती, इंदापूर, दौंड या पट्ट्याच्या बाबतीत तो बहुतांशी चुकीचा आहे. हा प्रदेश पर्जन्यछायेत येतो. येथे वर्षाकाठी पाचशे ते सहाशे मिलिमीटर पाऊस पडतो, तोही लहरीने पडतो आणि मग सात-आठ महिने जमीन कोरडी राहते. माळावर मातीचा थर कित्येक ठिकाणी वीतभरही नसतो आणि त्याखाली मुरूम लागतो. अशा जागी दाट झाडी टिकत नाही. गवत टिकते, आणि गवतात दूरदूर विखुरलेली हिवर, बाभूळ, बोर, हेकळ, तरटी अशी काटक झाडेझुडपे टिकतात. शास्त्रीय भाषेत याला सॅव्हाना म्हणतात. आपल्याकडे त्याला माळरान हा चांगला शब्द आहेच.

ही गवताळ परिसंस्था माणसाने घडवलेली नाही, याचे पुरावे अनेक दिशांनी येतात. उष्ण प्रदेशातील गवतांचा विस्तार भारतीय उपखंडात सुमारे 70 ते 80 लाख वर्षांपूर्वी झाला, म्हणजे कुऱ्हाड आणि नांगर येण्याच्या कितीतरी आधी. केवळ भारताच्या माळरानांवरच आढळणाऱ्या वनस्पतींची मोजदाद 2022 मध्ये प्रसिद्ध झाली. तीत 206 जाती नोंदल्या गेल्या आणि त्यांपैकी चाळीस टक्क्यांहून अधिक जाती गेल्या दोन दशकांतच विज्ञानाला ठाऊक झालेल्या आहेत. तोडलेल्या जंगलाच्या जागी शे-दोनशे वर्षांत नव्या जाती उत्क्रांत होत नाहीत. इतक्या प्रदेशनिष्ठ वनस्पती ज्या परिसंस्थेत आहेत ती परिसंस्था फार जुनी असली पाहिजे.

मला सर्वांत जवळचा वाटतो तो पुरावा मात्र आपल्या भाषेतला आहे. 13व्या शतकापासूनच्या मराठी ओव्या, कथा आणि चरित्रे तपासून त्यांत कोणत्या रानटी वनस्पतींचे उल्लेख येतात, याचा अभ्यास 2025 मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात 44 रानटी जाती सापडल्या आणि त्यांपैकी 27 जाती माळरानाच्या खुणा ठराव्यात अशा होत्या. पंढरपूरला विठ्ठल मंदिराच्या आवारात कान्होपात्रेच्या समाधीशी जोडलेला तरटीचा वृक्ष आपण पाहिला असेल. वारकऱ्यांच्या पिढ्यान्‌पिढ्यांनी ज्याला हात जोडले ती तरटी कोरड्या, मोकळ्या माळाचे झाड आहे. भीमेच्या आणि नीरेच्या खोऱ्यांत सातशे वर्षांपूर्वीही माळच होता, हे आपल्या आजी-पणज्यांच्या ओव्यांनी जपून ठेवले आहे.

मग हा माळ ‘पडीक’ कसा ठरला? इंग्रजी अमदानीत ज्या जमिनीवर शेतसारा बसत नव्हता ती महसुली नोंदीत निरुपयोगी गणली गेली. स्वातंत्र्यानंतरही ती नोंद पुसली गेली नाही. 1985 मध्ये राष्ट्रीय पडीक जमीन विकास मंडळ स्थापन झाले आणि पडीक जमिनीवर झाडे लावणे हे राष्ट्रीय उद्दिष्ट बनले. पुढे उपग्रहचित्रांवरून पडीक जमिनींचे नकाशे तयार झाले, तेव्हा त्यांत माळरानांचा फार मोठा भाग समाविष्ट झाला. वनआच्छादनाची मोजणीही झाडांच्या छत्रावर चालते. छत्र 10 टक्क्यांहून कमी असेल तर ते वन म्हणून मोजले जात नाही, आणि त्यामुळे उत्तम गवताने भरलेला माळ कागदावर ‘काहीच नसलेला’ ठरतो. देशातील नैसर्गिक मोकळ्या परिसंस्थांचा जो नकाशा काही वर्षांपूर्वी तयार झाला, त्यानुसार त्या भारताच्या किमान 10 टक्के भूभागावर आहेत आणि त्यांतील 5 टक्क्यांपेक्षाही कमी क्षेत्र संरक्षित आहे. धरणासाठी किंवा रस्त्यासाठी जंगल गेले की त्याच्या भरपाईची लागवड करायला हीच जागा शोधली जाते. अलीकडे सौर प्रकल्पांसाठीही प्रथम गायरानाचाच विचार होतो. ज्या जमिनीला कोणी परिसंस्था मानत नाही तिच्यावर सगळ्यांचा डोळा असतो.

लागवड झाल्यावर माळाचे काय होते, हे मला पुस्तकातून शिकावे लागले नाही. नोकरीच्या पहिल्या काही वर्षांत मी स्वतः एका संस्थेच्या वतीने अशा लागवडीवर देखरेख केली आहे. आम्ही एप्रिल-मेमध्ये यंत्राने समतल चर खणले, पावसाळ्यात गिरिपुष्प (ग्लिरिसिडिया), सुबाभूळ आणि थोडा कडुनिंब लावला, कुंपण घातले आणि चराई बंद केली. पहिली दोन वर्षे गवत असे माजले की आम्ही स्वतःवर खूश होतो. ते गवत चराई थांबल्यामुळे वाढले होते आणि श्रेय मात्र आम्ही झाडांना दिले. टँकर थांबल्यावर कडुनिंब जवळजवळ सगळा मेला. गिरिपुष्प तगले, कारण त्याला शेळ्यामेंढ्या फारसे तोंड लावत नाहीत. सहाव्या-सातव्या वर्षी त्याची सावली एकमेकींना भिडली आणि तिच्याखालचे पवन्या आणि मारवेल गेले. ही गवते उन्हाची आहेत, सावलीत ती जगत नाहीत. त्यांच्या जागी घाणेरी आणि टाकळा आला. त्या माळावर मी दर वर्षी चंडोलाची घरटी पाहत असे, ती पुढे दिसेनाशी झाली. धनगरांचे वाडे, म्हणजे मेंढरांसह त्यांचे फिरते मुक्काम, तेथे उतरत असत, तेही थांबले. त्या लागवडीच्या अहवालात ‘जिवंत रोपांची टक्केवारी समाधानकारक’ असे वाक्य आहे आणि ते मीच लिहिले आहे. त्याचे मला आजही वाईट वाटते.

यात चरांचे नुकसान सर्वांत खोल असते आणि त्याकडे सर्वांत कमी लक्ष जाते. माळावरची बारमाही गवते वर हातभर दिसली तरी त्यांचा मोठा पसारा मुळांत असतो आणि त्या मुळांनीच वीतभर माती धरून ठेवलेली असते. यंत्राने चर खणला की खालचा मुरूम वर येतो, वरची माती खाली गाडली जाते आणि त्या पट्ट्यात बारमाही गवत पुन्हा बसायला फार काळ लागतो. कर्ब साठवण्यासाठी झाडे लावतो, असे कंपनी म्हणत असेल, तर तिला हेही सांगावे की माळाचा कर्ब बहुतांशी जमिनीखाली असतो, वणव्यात किंवा दुष्काळात तो झाडातल्या कर्बासारखा एकदम नाहीसा होत नाही, आणि चर खणून आपण नेमका तोच उघडा पाडतो. शिवाय खड्डे खणण्याचे दिवस आणि पखुर्डी, धाविक, माळटिटवी, चंडोल यांचे जमिनीवर अंडी घालण्याचे दिवस एकमेकांवर येतात. यांतल्या बहुतेक पक्ष्यांचे घरटे म्हणजे खड्यांत खड्यासारखी दिसणारी दोन-चार अंडी असतात. यंत्र चालवणाऱ्याला ती दिसण्याची शक्यताच नसते.

आता माळढोकाचा प्रश्न. आपल्या जिल्ह्याच्या इतिहासात त्याचे सविस्तर उत्तर आहे, म्हणून येथे थोडा थांबतो. सोलापूरजवळच्या नान्नज परिसरातील माळढोकांकडे 1970 च्या दशकात अभ्यासकांचे लक्ष गेले आणि 1979 मध्ये सोलापूर व तेव्हाच्या अहमदनगर जिल्ह्यांत मिळून 8,496 चौरस किलोमीटरचे अभयारण्य घोषित झाले. ते इतके अवाढव्य होते की त्यात गावे, बाजारपेठा, तालुक्यांची ठिकाणे आणि हजारो शेतकऱ्यांची खासगी जमीन आली. जमिनीचे व्यवहार अडले, विहिरीपासून रस्त्यापर्यंत प्रत्येक कामाला परवानगीची धास्ती बसली आणि माळढोक हा शेतकऱ्याच्या मनात संकटाचा पक्षी झाला. पुढे न्यायालयीन प्रक्रियेतून ते क्षेत्र सुमारे 1,222 चौरस किलोमीटरपर्यंत आणले गेले. दरम्यान प्रत्यक्ष जमिनीवर जे घडत होते ते नकाशावरच्या रेषेने थांबले नव्हते. उजनी धरणाचे पाणी आले, ऊस आला, द्राक्षबागा आल्या, विजेच्या तारा आल्या, आणि उरलेल्या सरकारी माळांवर दुष्काळ निवारणाच्या नावाखाली उंदीरमारी, म्हणजे हेच गिरिपुष्प, लावले गेले. अभयारण्य होते, पण माळ तुकड्यातुकड्यांनी जात राहिला.

माळढोक हे सगळे का सोसू शकला नाही, हे त्याच्या जगण्याच्या रीतीत दिसते. सुमारे मीटरभर उंचीचा हा पक्षी, नर पंधरा किलोंपर्यंत भरतो. तो मोकळ्या जागेत उभा राहून गळ्याची पिशवी फुगवून मादीला साद घालतो. त्याला दूरवर पाहता आले पाहिजे आणि तो दुरून दिसलाही पाहिजे, म्हणून झाडांची ओळ त्याला भिंतीसारखी असते. मादी जमिनीवर बहुधा एकच अंडे घालते. कुत्र्याने, कोल्ह्याने किंवा मेंढीच्या खुराने ते अंडे गेले तर तो हंगाम बहुधा वाया जातो. त्याचे डोळे डोक्याच्या बाजूंना असल्याने समोरच्या तारा त्याला उशिरा दिसतात आणि जड शरीरामुळे ऐन वेळी वळता येत नाही. हळू वाढणाऱ्या पक्ष्याच्या बाबतीत वर्षाला मोजके प्रौढ पक्षी तारांवर मेले तरी सारी संख्या उतरणीला लागते. 2011 मध्ये त्याची गणना अतिसंकटग्रस्त जातींत झाली. आज जगातले बहुतेक सर्व माळढोक राजस्थानच्या थर वाळवंटात आहेत आणि निसर्गात त्यांची संख्या दीडशेच्या आसपास किंवा त्याहून कमी आहे. नान्नजला त्याचे दर्शन ही आता अपवादाची गोष्ट झाली आहे.

तरीही ‘कोणासाठी’ या प्रश्नाला माझे पहिले उत्तर माळढोकासाठी असेच आहे. 2019 पासून जैसलमेरजवळ सम येथे आणि नंतर रामदेवरा येथे माळढोकाची अंडी उबवून पिल्ले वाढवण्याचे काम चालू आहे. 2024 मध्ये कृत्रिम रेतनातून पहिले पिल्लू जन्माला आले आणि आज या केंद्रांतील पक्ष्यांची संख्या साठहून अधिक आहे. या कामाचा हेतू पक्षी कायम पिंजऱ्यात ठेवण्याचा नाही. त्यांची पुढची पिढी मोकळी सोडण्याची वेळ येईल तेव्हा सोडायला माळ लागेल. थरमध्ये पवनचक्क्या, सौर प्रकल्प आणि उच्चदाबाच्या तारा यांची दाटी आहे, तारांचा वाद 2019 मध्ये सर्वोच्च न्यायालयात गेल्याचे आपण ऐकले असेल. पक्षी प्रयोगशाळेत वाढवता येतो, पण हजारो एकर बारमाही गवत, त्यातले नाकतोडे आणि भुंगेरे आणि तिथली शांतता ही कोणत्याही केंद्रात वाढवता येत नाही. आपले सव्वाशे एकर एकट्याने माळढोकाला पुरणार नाहीत, हे मान्य आहे. पण शेजारच्या गावांची गायराने, वनखात्याचा माळ आणि कोरडवाहू ज्वारी-तुरीची शेते यांच्याशी जोडलेले सव्वाशे एकर हा मोठ्या पटाचा भाग असतो, आणि असा पट एकेका गायरानानेच तुटत गेला आहे.

दुसरे उत्तर असे की माळावर आज राहणारे जीव आपण मोजलेलेच नाहीत. आपल्या शिवारात लांडगा असणार, खोकड असणार, कदाचित तरसही असेल. भारतात लांडग्यांची संख्या साधारण तीन हजार आहे, म्हणजे वाघांपेक्षा कमी, आणि त्यांतले बहुतेक लांडगे संरक्षित जंगलांबाहेर, अशाच माळांवर जगतात. लांडगीण पिल्ले घालते ती ओढ्याकाठच्या किंवा टेकाडाच्या कपारीत, आणि अशी एखादी जागा गायरानात असेल तर तिच्याभोवतीची वर्दळ हिवाळ्यात व उन्हाळ्याच्या आरंभी टाळणे हे कोणत्याही लागवडीपेक्षा मोलाचे संवर्धन आहे. हिवाळ्यात मध्य आशियातून येणारे भोवत्या हे शिकारी पक्षी रात्री झाडावर नव्हे, तर उंच गवतात जमिनीवर उतरून झोपतात, आणि दिवसभर शेतांवरचे नाकतोडे टिपतात. पुणे जिल्ह्यात लांडगा आणि भटका कुत्रा यांचा संकर जनुकीय तपासणीतून सिद्ध झाला आहे, त्यामुळे गावच्या उकिरड्यावर मेलेली कोंबडी टाकणे थांबवणे हाही आता वन्यजीव रक्षणाचाच भाग झाला आहे.

तिसरे उत्तर माणसांचे आहे. गायरान मुळात गुरे चारण्यासाठी राखलेली जमीन आहे. लागवड झाली की कुंपण येते, आणि कुंपणाबाहेर राहतो तो ज्याच्याकडे स्वतःची जमीन नाही तोच. अशा योजनांच्या बैठकीत मेंढपाळ क्वचितच बसलेला असतो. दिवाळीनंतर तो मेंढरे घेऊन कोकणाकडे उतरलेला असतो आणि ठराव बहुधा त्याच काळात होतात. त्यामुळे माझी आग्रहाची विनंती आहे की कोणताही निर्णय वाडे परत आल्यावर, त्यांच्या उपस्थितीतच घ्यावा.

आता काय करावे. सर्वप्रथम हा माळच आहे की पूर्वीच्या झाडोऱ्याचा अवशेष आहे, याची खात्री करावी, कारण अपवाद असतात. तरटी, हिवर, हेकळ विखुरलेली असतील, पवन्या, मारवेल, डोंगरी गवत किंवा निदान कुसळी असेल, माती उथळ आणि मुरमाड असेल तर तो माळ आहे. ओघळीत जुन्या खोडांचे फुटवे असतील, धावडा किंवा अंजनाचे बुंधे असतील, तर तेवढ्या ओघळीपुरता झाडोरा येऊ देणे योग्य आहे, आणि तेथेही फुटव्यांचे रक्षण केले की नव्या रोपांची गरज बहुधा पडत नाही.

माळाला खरी गरज असते ती विश्रांतीची. पण पावसाळाभर संपूर्ण चराईबंदी हा सरकारी कागदावर सोपा दिसणारा उपाय आपल्याकडे चालत नाही, कारण मेंढपाळ गावात असतात ते नेमक्या पावसाळ्यातच. त्याऐवजी गायरानाचे चार भाग करावेत आणि आळीपाळीने दर वर्षी एक भाग ज्येष्ठापासून कार्तिकापर्यंत पूर्ण बंद ठेवावा. बंद भागातले गवत बी झडल्यावरच, म्हणजे साधारण दिवाळीनंतर, विळ्याने कापून गरजूंना वाटावे. उरलेल्या भागांत कुसळीला कुसळे धरण्याआधी मेंढरे फिरली तर तिचा जोर कमी होतो. कुसळ लोकरीत आणि तोंडात घुसते म्हणून मेंढपाळ हे आधीपासूनच जाणतात, त्यांना शिकवण्याची गरज नाही. तीन-चार वर्षांत पवन्या स्वतःहून पसरताना दिसेल. वेडी बाभूळ (बाहेरून आलेली, झपाट्याने पसरणारी काटेरी जात) किंवा गिरिपुष्प आधीपासून असेल तर ते टप्प्याटप्प्याने मुळासकट काढावे. माघ-फाल्गुनाआधी कडेने जाळरेषा, म्हणजे गवत काढून मोकळी केलेली पट्टी, घ्यावी, म्हणजे एका ठिणगीने सगळा चारा जाणार नाही.

कंपनीला नकार देण्याऐवजी तिच्या निधीचे काम बदलून मागावे, असे मला वाटते. वेडी बाभूळ काढण्याची मजुरी, गवत राखणाऱ्या दोन राखणदारांचा पगार, मेंढरांचे लसीकरण, लांडग्याने मेंढरू मारल्यास शासकीय भरपाई हाती येईपर्यंत तत्काळ दिली जाणारी रक्कम आणि गावातील कुत्र्यांची नसबंदी व लसीकरण ही पाचही कामे माळाच्या उपयोगाची आहेत. झाडे लावायचीच असतील तर गावठाणात, शाळेभोवती, ओढ्याच्या काठी आणि शेताच्या बांधावर वड, पिंपळ, करंज, चिंच, जांभूळ, कडुनिंब लावावा. तेथे माती आहे, पाणी आहे आणि झाडाच्या सावलीला माणूसही आहे. कंपनीला आकडा हवा असतो, हे मी अनुभवाने जाणतो. तिला झाडांऐवजी एकरांचा आणि गवताच्या पेंढ्यांचा आकडा द्यावा.

या सगळ्याला कागदाचा आधार हवा, नाहीतर सरपंच बदलला की माळ जातो. जैवविविधता कायदा 2002 नुसार प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती असणे आवश्यक आहे, आणि लोक जैवविविधता नोंदवही तयार करणे हे तिचे काम आहे. बहुतेक गावांत ही वही एकदा भरून कपाटात ठेवलेली असते. ती काढावी, तिच्यात गायरानाचा गट क्रमांक, तेथील गवते, पक्षी, प्राणी, चराईचे हक्क आणि वाड्यांच्या जागा नोंदवाव्यात, आणि गायरान माळ म्हणूनच राखण्याचा ठराव ग्रामसभेत करावा. त्याच कायद्यात राज्य शासनाला जैवविविधता वारसा स्थळ घोषित करण्याची तरतूद आहे. शेजारची तीन-चार गावे एकत्र आली तर तशी मागणी करता येईल. मात्र ती मागणी गावांनीच करावी आणि चराईचे हक्क तिच्यात स्पष्ट लिहून घ्यावेत. वरून रेषा आखली गेली की काय होते, ते नान्नजच्या पहिल्या सीमेने आपल्याला दाखवून दिले आहे.

खड्डे खणणारे यंत्र कधी येणार आहे, ते आपल्या पत्रात नाही. ते येण्याआधी एका पहाटे गावातील एखाद्या वयस्क मेंढपाळाला सोबत घेऊन गायरानावर फिरावे, पखुर्डी कोठे बसते, लांडगी कोठे व्यायली होती, कोणत्या भागात पवन्या पूर्वी कमरेइतका होत असे, हे त्यांना विचारावे आणि ते सांगतील त्या जागा गटाच्या नकाशावर खुणा करून घ्याव्यात. तो नकाशा मला पाठवलात, तर चार भाग कसे पाडावेत ते मी त्यावर आखून देईन.